मुलांच्या हातीं संगणक

श्रोतेहो, या विषयावर बोलण्याचें आमंत्रण आलें तेव्हां प्रथम मला असें वाटलें कीं, चालकांचा नांवांत कांहीं तरी घोटाळा झाला असावा. मी १९७५ सालीं जुन्या अकरावीची मॅट्रिक झालों, पुढें शिक्षकाची पदविका घेतली, आणि अडतीस वर्षें मावळांतील निरनिराळ्या गांवीं मुलांकडून मुळाक्षरें गिरवून घेतलीं. संगणकाचें शास्त्र मला अवगत नाहीं. सरकारी नोकरांस आवश्यक ठरलेली एम्.एस्.-सी.आय्.टी.ची परीक्षा मीं पन्नाशीच्या उंबरठ्यावर लोणावळ्यास जाऊन दिली. तेव्हां शेजारीं बसलेली माझीच एक जुनी विद्यार्थिनी "गुरुजी, माऊस इतका घट्ट धरूं नका, तो पळून जात नाहीं" असें मला समजावीत होती. अशा माणसानें संगणक आणि मुलांचें शिक्षण या विषयावर काय बोलावें? परंतु चालकांचें पुन्हां पत्र आलें. त्यांत लिहिलें होतें कीं, संगणकाविषयीं बोलणारे पुष्कळ मिळतात, मुलांविषयीं बोला. त्यावर मात्र मला उत्तर सुचलें नाहीं.

आरंभीं माझाच एक अपराध सांगतों. सुमारें वीस वर्षांपूर्वीं, मी ज्या शाळेचा मुख्याध्यापक होतों तेथें एक संगणक आला. बैलगाडीच्या वाटेनें टेंपो आंत आला, गांव गोळा झाला, नारळ फुटला. त्यानंतर मीं तो कार्यालयाच्या खोलींत ठेवला, त्यावर घरांतील जुनें लुगडें झांकलें, आणि खोलीस कुलूप लावलें. कारण काय? भारनियमनाचे ते दिवस. वीज केव्हां जाईल आणि यंत्र केव्हां बिघडेल याचा नेम नाहीं. आणि तें बिघडलें तर भरपाई माझ्या पगारांतून होईल ही धास्ती. जडवस्तूंच्या नोंदवहींत संगणकाची नोंद दरवर्षीं बिनचूक होत असे. सहा वर्षांनीं वरिष्ठ येणार म्हणून लुगडें काढलें, तों उंदरांनीं तारा कुरतडलेल्या! सहा वर्षें म्हणजे पोरांच्या कित्येक तुकड्या त्या खोलीवरून गेल्या. एकाच्याही बोटाचा त्या यंत्रास स्पर्श झाला नाहीं. आज संगणकाच्या अतिरेकाविषयीं बोलावयास मी बसलों आहें, तेव्हां माझ्या हातून झालेला हा उलट अतिरेकही आपल्या कानीं असावा.

त्याच सुमारास, म्हणजे २००७ सालीं, आमच्या घाटाखालीं कर्जत तालुक्यांत खैराट नांवाच्या लहानशा वस्तींत अगदीं वेगळा प्रयोग झाला. अमेरिकेंतील निकोलस नेग्रोपाँटी यांनीं 'प्रत्येक मुलास एक लॅपटॉप' अशी मोहीम काढली होती. यंत्र शंभर डॉलरांत द्यावयाचें असा त्यांचा संकल्प होता. प्रत्यक्षांत तें दोनशेच्या घरांत गेलें. तीं हिरवीं-पांढरीं, कान उभारलेल्या सशासारखीं दिसणारीं यंत्रें हिंदुस्थानांत सर्वांत आधीं आलीं तीं खैराटच्या एकशिक्षकी शाळेंत, पहिली ते चौथीच्या वीस-बावीस मुलांच्या हातांत. वर्तमानपत्रांत तीं छायाचित्रें पाहून मला माझ्या कुलपाची लाज वाटली, हें कबूल करतों. मात्र पुढें या मोहिमेची सर्वांत मोठी परीक्षा दक्षिण अमेरिकेंत पेरू देशांत झाली. तेथें साडेआठ लाखांहून अधिक यंत्रें वांटलीं गेलीं. आंतर-अमेरिकी विकास बँकेच्या संशोधकांनीं खेड्यांतील ३१९ शाळा पारखून पाहिल्या आणि २०१२ सालीं निष्कर्ष प्रसिद्ध केला. ज्या शाळांना यंत्रें मिळालीं त्यांतील मुलें गणितांत किंवा भाषेंत इतरांहून पुढें गेलीं, असें त्यांना दिसलें नाहीं. तर्कबुद्धीच्या चांचण्यांत थोडा फरक दिसला, तो वेगळा. मजकडे एक यंत्र कुलपांत होतें, पेरूंत लाखों यंत्रें उघडीं होतीं. परंतु यंत्रापुढें मुलानें काय करावें, हा प्रश्न दोन्हीकडे सारखाच अनुत्तरित राहिला होता.

आतां तो प्रश्नच घेऊं. संगणकापुढें बसलेल्या मुलाकडे पाठीमागून पाहिलें तर सारीं मुलें सारखींच दिसतात. मान खालीं, डोळे पडद्यावर. पण पुढून पाहिलें म्हणजे दोन जातीचीं मुलें दिसतात. एक यंत्राला कांहीं सांगत असतें. दुसऱ्याला यंत्र कांहीं सांगत असतें. या दोन गोष्टींत जमीन-अस्मानाचें अंतर आहे, आणि तें मला ज्यानें कळलें त्या कांसवाची हकीकत मी जरा विस्तारानें सांगणार आहें.

सीमोर पेपर्ट नांवाचे एक गणिती होऊन गेले. जन्म दक्षिण आफ्रिकेंतला, काम अमेरिकेंतील एम्.आय्.टी. या विद्यापीठांत. मुलांनीं यंत्रास आज्ञा द्याव्या म्हणून त्यांनीं व त्यांच्या सहकाऱ्यांनीं १९६७ सालीं 'लोगो' नांवाची एक सोपी यंत्रभाषा तयार केली. पडद्यावर एक लहानसें कांसव असतें. 'पुढें १००' म्हटलें कीं तें शंभर पावलें चालतें आणि मागें रेघ उमटते. 'उजवीकडे ९०' म्हटलें कीं काटकोनांत वळतें. एवढेंच. हेंच चार वेळां केलें कीं चौरस झाला. माझी नात पुण्यास सातवींत होती तेव्हां दिवाळीस कार्ल्याला आली. तिच्या बापाच्या जुन्या लॅपटॉपवर हें कांसव होतें. मी तिला म्हटलें, "समभुज त्रिकोण काढून दाखव." ती हंसली. त्रिकोणाचा प्रत्येक कोन साठ अंशांचा, हें तिला तोंडपाठ. तिनें लिहिलें, पुढें १००, उजवीकडे ६०, आणि हें तीन वेळां. कांसव निघालें तें त्रिकोण मिटवीना. अर्ध्या षट्कोनासारखा एक उघडा वांकडा आकार पडद्यावर राहिला. पोरीचा चेहरा उतरला. "आजोबा, याचें बिघडलें आहे."

मी कांहीं बोललों नाहीं. (बोललों नाहीं हें मोठेपण नव्हे, मलाही क्षणभर उमगलें नव्हतें.) मग ती उठली, अंगणांत गेली आणि स्वतःच कांसव झाली. तुळशीपासून सरळ पायऱ्यांपर्यंत चालली, तेथें थांबली. त्रिकोणाची दुसरी बाजू धरायची तर आपल्याला किती वळावें लागतें, हें तिच्या पायांना कळलें. साठ अंश हा रेघांमधला आंतला कोन. पण चालणाऱ्यास वळावें लागतें तें बाहेरून, एकशेंवीस अंश. "एकशेंवीस!" असें ओरडत ती आंत पळाली. त्रिकोण मिटला. संध्याकाळपर्यंत तिनें पंचकोन, अष्टकोन केले, आणि रात्रीं जेवतांना सांगितलें कीं, कसाही आकार असो, कांसव फिरून जागेवर आलें कीं त्याचें वळणें एकूण तीनशेंसाठच भरतें. हा सिद्धान्त मीं अनेक वर्षें फळ्यावर लिहिला आहे. मुलांनीं तो वहींत उतरूनही घेतला आहे. परंतु तो सांपडल्याचा आनंद मीं एकाही वर्गांत पाहिला नव्हता.

तेव्हां संगणक वाईट असें म्हणणाऱ्यांपैकीं मी नाहीं. ज्या यंत्राला मूल आज्ञा देतें आणि ज्याची चूक हंसल्यावांचून, छडीवांचून, लगेच डोळ्यांपुढें उभी राहते, असें यंत्र माझ्या वर्गांत असतें तर माझे पुष्कळ शब्द वांचले असते. शिवाय चांगला शिक्षक मागें असला म्हणजे साधें साधनही कामास येतें. सोलापूर जिल्ह्यांतील परितेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेंत रणजितसिंह डिसले गुरुजींनीं क्रमिक पुस्तकांतील धड्यांना त्या काळ्या-पांढऱ्या चौकोनी खुणा जोडल्या, ज्यांवर मोबाईल धरला कीं धडा ऐकूं येतो, चित्र दिसतें. २०२० सालीं त्यांना जागतिक शिक्षक पारितोषिक मिळालें; दहा लक्ष डॉलरांपैकीं अर्धी रक्कम त्यांनीं अंतिम फेरींतील इतर शिक्षकांस वांटून दिली. आमच्या पेशाची मान त्यांनीं उंच केली, यांत शंका नाहीं.

पण घरोघर चाललें आहे तें हें नव्हे. २०२४ च्या 'असर' या पाहणींत देशांतील ग्रामीण भागांतल्या चौदा ते सोळा वर्षांच्या मुलांना विचारलें गेलें. शेंकडा ८२ हून अधिक मुलांना स्मार्टफोन वापरतां येत होता. त्यांपैकीं मागील आठवड्यांत अभ्यासासाठीं तो वापरणारीं शेंकडा ५७, आणि समाजमाध्यमांसाठीं वापरणारीं शेंकडा ७६. शहरांतील आपल्या घरांचा हिशेब आपण मनांत करावा. आमच्या कार्ल्यास एकवीरा देवीच्या पायथ्याशीं फुलांचीं, नारळांचीं दुकानें आहेत. चैत्रांत कोळी बांधवांची यात्रा भरते तेव्हां आठ-नऊ वर्षांचीं पोरें दुकानावर बसत, आणि नारळ, हार, पेढे यांची बेरीज करून शंभराच्या नोटेची मोड गिऱ्हाइकाच्या आधीं सांगत. त्या बेरजांना मीं कधीं शिकवणी दिली नाहीं. आतां गिऱ्हाईक खुणेवर मोबाईल धरतें, पेटीतून आवाज येतो, "इतके रुपये मिळाले", आणि पोरगें मान वर न करतां आपल्या हातांतील मोबाईलवर पुन्हां मोटारींची शर्यत पाहूं लागतें. व्यवहार चोख होतो, वादच नाहीं. पोराचा हिशेब मात्र गेला.

आतां ज्या गोष्टीसाठीं मी मुख्यतः हें भाषण पत्करलें ती सांगतों. मार्च २०२० मध्यें शाळा बंद झाल्या. माझ्या घराशेजारीं एक कष्टाळू कुटुंब आहे. भाताची थोडी शेती आणि चार-पांच शेळ्या. त्यांच्या मुलाचें नांव त्या जूनमध्यें पहिलींत दाखल झालें. शाळा पाहिली नाहीं, वर्ग नाहीं. शिक्षण मोबाईलवर येणार. बाप मजकडे आला. म्हणाला, "गुरुजी, मोबाईल घ्यावा का? दोन शेळ्या काढाव्या लागतील." मी निवृत्त होऊन बसलेला माणूस. वर्तमानपत्रांत रोज वाचत होतों कीं, शिकणें थांबूं द्यावयाचें नाहीं. मीं सांगितलें, "घे. पोराचें वर्ष वांचेल." माझ्या शब्दावर शेळ्या गेल्या आणि मोबाईल आला.

त्या काळांत कोणीं कांहीं केलें नाहीं, असें नाहीं. सह्याद्री वाहिनीवर 'टिलीमिली' ही मालिका सुरू झाली. नागपूर विभागांत आकाशवाणीवरून 'शाळेबाहेरची शाळा' भरूं लागली. कित्येक शिक्षक पारावर, ओट्यावर मुलें जमवीत. आमच्या शेजारच्या पोराचा मात्र सारा भार त्या मोबाईलवर होता. तो शांत बसून असे, घरचीं माणसें समाधानी होतीं, मीही होतों. ग्रामीण भागांतील पहिली ते चौथीचे वर्ग १ डिसेंबर २०२१ रोजीं उघडले, तोंवर तो दुसरींत पोहोंचला होता. त्या आठवड्यांत मीं त्यास सहज जवळ बसविलें आणि पुस्तक उघडून एका शब्दावर बोट ठेवलें. शब्द होता 'कमळ'. "वाच बाळ." त्यानें माझें बोट हळूच बाजूला केलें, आपलें बोट त्या शब्दावर ठेवून दाबलें, आणि कान पुढें करून वाट पाहूं लागला. मग पुन्हां दाबलें. शेवटीं म्हणाला, "गुरुजी, याचा आवाज बंद आहे."

श्रोतेहो, अडतीस वर्षांत पोरांच्या पुष्कळ चुका मीं पाहिल्या. पण त्या वाक्यानें मला जसा घाम फुटला तसा कोणत्याही चुकीनें फुटला नाहीं. मुलगा मंद नव्हता. दीड वर्षांत त्यानें जें शिकावयाचें तें चोख शिकलें होतें. अक्षर दाबावयाचें असतें आणि तें स्वतः बोलतें, हेंच त्याला शिकविलें गेलें होतें. त्या वर्षांत देशभर हेंच कमी-अधिक झालें. तिसरींतील ज्या मुलांस दुसरीचा उतारा वाचतां येई त्यांचें प्रमाण 'असर'च्या पाहणीप्रमाणें २०१८ मध्यें शेंकडा २७.३ होतें, तें २०२२ मध्यें २०.५ वर आलें. आंकडा वाचून मी हळहळलों असतों आणि वर्तमानपत्र घडी करून ठेवलें असतें. पण यांतील एक मूल माझ्या ओट्यावर बसलें होतें, आणि त्याच्या बापाच्या दोन शेळ्या माझ्या सांगण्यानें बाजारांत गेल्या होत्या.

मीं त्यास रोज संध्याकाळीं बोलावूं लागलों. प्रथम पाटीचाही उपयोग होईना. तो अक्षर चित्रासारखें काढी, खालून वर, उजवीकडून डावीकडे, कसेंही. लिहितांना हात ज्या वाटेनें जातो तिच्याशीं डोळा आणि कान यांची गांठ पडावी लागते. ती पडली नव्हती. नॉर्वेमध्यें ट्रोंडहाइमच्या विद्यापीठांत मुलांच्या आणि तरुणांच्या मस्तकावर विद्युत्-टिपणाचीं साधनें लावून हातानें लिहिणें आणि कळा दाबून लिहिणें यांची तुलना झाली आहे. २०२० आणि २०२४ सालीं ती प्रसिद्ध झाली. हातानें अक्षर घडवितांना मेंदूच्या निरनिराळ्या भागांत परस्परसंबंध अधिक दाट दिसतात, असें तिचें सार. आमच्या जुन्या पंतोजींस हीं साधनें ठाऊक नव्हतीं, पण ते धूळपाटीवर बोटानें गिरवून घेत. मीं चुलीतील राख चाळून तबकांत पसरली आणि पहिल्यापासून आरंभ केला.

कंटाळा आला कीं त्यास घेऊन लेण्यांवर जाईं. तेथील चैत्यगृह दोन हजार वर्षांचें. छताच्या लांकडी कमानी अजून जागच्या जागीं आहेत. भिंतींवर व खांबांवर दात्यांनीं आपलीं नांवें कोरविलीं आहेत. वैजयंतीचा भूतपाल नांवाचा शेटजी आहे, आणि धेनुकाकट गांवचे तर अनेकजण आहेत. ही लिपी ब्राह्मी. मला ती पूर्ण येत नाहीं. कांहीं अक्षरें येतात. मीं त्यास दाखविलें, हा 'क'. ब्राह्मींतील 'क' म्हणजे बेरजेचें चिन्ह, दोन रेघा. पोराचे डोळे चमकले. "एवढाच?" एवढाच. मग तो खांबाखांबावर 'क' शोधीत सुटला, आणि सांपडला कीं मोठ्यानें ओरडे. रखवालदारानें आम्हां दोघांस दोनदां दटावलें. घरीं येऊन राखेंत आधीं ब्राह्मी 'क', मग आपला. अक्षर हें कोणी तरी हातानें केलेलें असतें आणि तें आपण तोंडानें बोलावयाचें असतें, ही गोष्ट त्यास त्या दगडांनीं सांगितली. मी सांगून थकलों होतों. साडेसात महिन्यांनीं त्यानें पहिलें पान अडखळत वाचलें.

फार लहान मुलांविषयीं मी थोडक्यांत बोलतों, कारण तेथें मतभेद फारसा नाहींच. जागतिक आरोग्य संघटनेनें २०१९ सालीं सांगितलें कीं, पहिल्या वर्षांत पडदा मुळींच नको, आणि दोन ते चार वर्षांच्या मुलास फार तर एक तास, कमी तितका बरा. ताराबाई मोडकांनीं १९४५ पासून बोर्डीस आणि पुढें कोसबाडला आदिवासी मुलांच्या बालवाड्या शंख, शिंपले, बिया, पानें यांवर चालविल्या, हें मराठी घरांना नव्यानें सांगावयास नको. मुलास जेवूं घालतांना मोबाईल समोर धरणाऱ्या आयांस दोष देणें सोपें आहे. पण ती आई दिवसभर नोकरी करून आलेली असते आणि घरांत दुसरें माणूस नसतें. चिऊकाऊचा घांस भरवावयास पूर्वीं घरांत चार म्हाताऱ्या होत्या. दोष एकट्या तिच्या पदरांत टाकणें मला न्यायाचें वाटत नाहीं.

मोठ्यांचें काय? सांगली जिल्ह्यांत कडेगांव तालुक्यांत मोहित्यांचें वडगांव म्हणून गांव आहे. १५ ऑगस्ट २०२२ पासून तेथें संध्याकाळीं सात वाजतां देवळावरचा भोंगा वाजतो आणि घरोघरचे दूरदर्शनसंच व मोबाईल बंद होतात. साडेआठला पुन्हां भोंगा, मग मोकळीक. दीड तास मुलें अभ्यास करतात, मोठीं माणसें बोलतात, वाचतात. या योजनेंतील मला आवडलेली गोष्ट अशी कीं, भोंगा मुलांसाठीं वाजत नाहीं, गांवासाठीं वाजतो. बापानें पडदा डोळ्यांपुढें धरून मुलास 'अभ्यास कर' म्हणावें, ही सोय त्यांत राहिली नाहीं. मीं हा नियम आमच्या घरांत लावून पाहिला. सून, मुलगा यांनीं पाळला. तिसऱ्या दिवशीं सव्वासात वाजतां माडीवर कीर्तन ऐकत असतांना पकडला गेलों तो मी!

तो शेजारचा मुलगा आतां सहावींत आहे. वाचतो, भरभर नाहीं, पण समजून वाचतो. गेल्या महिन्यांत त्याचा बाप पुन्हां आला, आणि ओट्यावर बसून बराच वेळ पाऊसपाण्याचें बोलला. मग म्हणाला, "गुरुजी, पोरगें संगणक मागतें आहे. तुम्ही म्हणाल तसें." मागचा उल्लेख त्यानें केला नाहीं; चांगला माणूस आहे. मला उत्तर द्यावयास वेळ लागला. मीं म्हटलें, "तूर्त कांहीं विकूं नकोस. नातीचा जुना लॅपटॉप माझ्याकडे पडून आहे. रोज एक तास पोरास इकडे पाठव, मी शेजारीं बसेन. वर्षानें बघूं."

आतां तो येतो. कांसवाशीं त्याची चांगली दोस्ती झाली आहे. चौरस, त्रिकोण झाले. परवां त्यानें आपण होऊन ठरविलें कीं, कांसवाकडून लेण्यांवरचें 'धेनुकाकट' लिहवून घ्यावयाचें. 'क' त्यास लगेच जमला. पुढें शंभर, मागें पन्नास, उजवीकडे नव्वद, पुढें पन्नास, मागें शंभर. झाली बेरजेची खूण. पण 'ट' म्हणजे ब्राह्मींत अर्धवर्तुळ, आणि कांसवाला तर सरळ चालणें आणि वळणें एवढेंच येतें. रविवारीं सायंकाळीं तो अंगणांत गेला, आणि एक लहान पाऊल टाकून थोडा वळे, पुन्हां एक पाऊल टाकून थोडा वळे, असें तुळशीभोंवतीं चालत होता. किती पावलें आणि किती वळणें, तें त्याचें अजून ठरलेलें नाहीं.